पडवीतली ऊब

निरगुडसरच्या भगवंताने शेडमध्ये कोंबडीची दोन हजार पिल्लं आणली, पण त्यांच्यापेक्षा जास्त कौतुक एका डब्याचं झालं. डब्यावर लाल आकडे, त्यातून निघालेली लांब तार आणि तारेच्या टोकाला बोटाएवढा सेन्सर. ऊब तेहतीस अंशांच्या खाली गेली की शेडमधले मोठे बल्ब आपोआप लागायचे, वर गेली की विझायचे.

"सेन्सर पिल्लांच्या पाठीच्या उंचीवर सोडा," असं मेकॅनिक सांगून गेला होता. पण शेडमध्ये पिल्लांखाली अंथरलेल्या भाताच्या तुसाची धूळ. शिवाय रोग शिरायला नको म्हणून परक्या माणसाला आत घ्यायचं नाही, हा पोल्ट्रीवाल्यांचा दंडक. मग डबा बघणार कोण? भगवंताने डबा आणि सेन्सर दोन्ही घराच्या पडवीत टांगले, हळदकुंकू वाहिलं, हार घातला. शेजारीच अंघोळीच्या पाण्याचा बंब पेटलेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी डिंभ्याचे पाहुणे आले. बाहेर बोटं वाकडी होतील अशी थंडी. डब्यावर मात्र पस्तीस.

"लई ऊब हाय राव! पिल्लांची चैन हाय की!"

"समदं ऑटोमॅटिक," भगवंत म्हणाला. "आये, बंबात आनखी दोन ढलप्या टाक. पावण्यांना पानी लागंल."

त्याची आई साळुबाई शेडमधूनच येत होती. "भगवंता, पिल्लं गारठलीत. एकावर एक चढत्यात. खालची गुदमारत्यात."

"पस्तीस दाखवतंय की. गारठतील कशी?"

"त्यांना वाचता येत न्हाई ना, म्हनून गारठलीत."

पाहुणे हसले. "तुला मशीनमधलं काय कळतंय?" म्हणत भगवंताने तिला बंबापाशी बसवलं. त्याला चुकतंय असं सांगणारी घरात ती एकटीच होती.

त्याची मुलगी समृद्धी सहावीत. ती धावत शेजारी माझ्याकडे आली.

"गुरुजी, बल्ब सकाळधरनं लागलंच न्हाईत. पिल्लं मरत्यात."

"तुला थंडी वाजली की काय होतं?"

"हुडहुडी भरती."

"आणि धावून आलीस की?"

"घाम येतो. पन गुरुजी, पिल्लं..."

"पिल्लांचंच बोलतोय. आता कुडकुड, आता घाम गाळ, असं कोण सांगतं?"

"कोन न्हाई. अंगाला कळतंच की."

"कुणाच्या अंगाला?"

"माज्या."

"आणि तुझ्या अंगाला न विचारता बंबाजवळ बसलेल्याच्या अंगाला विचारलं तर?"

ती पडवीकडे पळाली.

मी पोचेपर्यंत तिने सेन्सर गार पाण्याच्या तांब्यात बुडवला होता. आकडा घसरला. तीस, सव्वीस, एकवीस. शेडमधले सगळे बल्ब एकदम लागले.

"मशीन बुडवलं हिनं!" भगवंत ओरडला.

"आन बल्ब लागलं," साळुबाई म्हणाली.

पिल्लांचा ढीग मोकळा झाला, ती दाण्याकडे वळली. भगवंताने लगेच पाहुण्यांना सांगितलं, "पान्यात ठेवायचीच पद्धत हाय. नवी टेक्निक." वर तांब्याला कुणी हात लावायचा नाही, अशी ताकीद.

तांब्यातलं पाणी गारच राहिलं, त्यामुळे बल्ब विझेनात. तासाभरात पिल्लं चोची उघडून धापा टाकत भिंतींना चिकटली. सकाळी ती गारठ्याने मरत होती, आता उकाड्याने मरायच्या बेतात होती. पडवीत दोन्ही वेळा वाहवाच चालली होती.

"आजे, आता भाजत्यात गं!" समृद्धी शेडच्या दारातून ओरडली.

या वेळी साळुबाईने कुणालाच विचारलं नाही. सेन्सर तांब्यातून काढला, तार उलगडत शेडमध्ये नेला आणि तुसापासून चार बोटं उंचीवर, पिल्लांच्या पाठीशी बांधला. थोड्या वेळाने बल्ब विझले. मग लागले. पुन्हा विझले. पिल्लं शेडभर पांगली आणि टिपायला लागली. एकोणचाळीस मेली होती. समृद्धीने ती घमेल्यात भरून बांधाकडे पुरायला नेली.

डबा पडवीतच होता. त्यावर आता कधी बत्तीस दिसायचं, कधी चौतीस.

"भाऊ, ह्ये हालतंय की," निघताना एक पाहुणा म्हणाला. "सकाळी कसं पस्तीसवर खिळल्यालं. बिघडलं काय?"

भगवंताचं तोंड उतरलं. मुलीच्या वहीचा कागद फाडून त्याने त्यावर ठळक '३३' लिहिलं आणि तो डब्याच्या आकड्यांवर चिकटवला.

"आता बगा. एक पॉइंट हालत न्हाई."

पाहुण्यांनी माना डोलावल्या. साळुबाईने कागदाकडे एकदा पाहिलं आणि सेन्सर जागेवर आहे ना, ते बघायला ती शेडकडे गेली.