तलवार गिळणारा लोहार

वाकुईने टेबलावर ठेवलेला रेकॉर्डर एगुचींनी एका बोटाने हळूच पलीकडे सारला. तिने हसून तो पुन्हा अलीकडे घेतला. असं दोनदा झाल्यावर एगुचींनी नाद सोडला.

"हे बंद नाही ठेवता येणार?"

"ठेवते की. पण मग मी लिहीन ते तुम्ही म्हणालातच असं नाही."

"तसंही मी काही म्हणणार नाहीये," एगुची म्हणाले.

वाकुई सकाळच्या विमानाने टोकियोहून पश्चिमेकडच्या सागाला, एगुचींच्या घरी आली होती. दुसऱ्यांच्या नावावर व्हिडिओ गेम करून देणाऱ्या छोट्या कंपन्यांवर ती पुस्तक लिहीत होती. एगुचींची बंद पडलेली 'कासासागि' त्यातलीच. चटईवाल्याच्या दुकानावरचा एक मजला, एकोणीस माणसं, सोळा वर्षं, एकतीस खेळ, आणि एकाही खेळाच्या डब्यावर तिचं नाव नाही. करारच तसा असे. टोकियोच्या बड्या कंपन्या काम द्यायच्या, कासासागि ते मान मोडून करायची, आणि खेळ बाजारात यायचा तो बड्यांच्या नावाने. खेळ संपल्यावर पडद्यावर जी नावं सरकत जायची तीसुद्धा टोपणनावं, कारण खरी नावं दिसली तर दुसरं कोणी माणसं पळवील अशी बड्यांना धास्ती. प्रोग्रामर सोएजिमाने 'वारासुबो' हे नाव घेतलं होतं. वारासुबो म्हणजे आरिआके खाडीच्या चिखलात राहणारा एक कुरूप, दातेरी मासा. "माझं थोबाड तसंच आहे, ओळखायला सोपं," असं तो तेव्हा म्हणाला होता.

मुलाखतीसाठी एगुचींनी गुरुवार निवडला तो मुद्दाम. गुरुवारी किनुए सासूला घेऊन दवाखान्यात जाते. किनुए दोन गल्ल्या पलीकडे राहायची. एकेकाळची त्यांच्या कंपनीतली लिखाणवाली. एगुचींची बायको गेल्यापासून ती रोज एकदा डोकावायची, भाजी ठेवायची आणि जाताना चार शब्द सुनावायची. आज मात्र ती या टोकियोवालीच्या समोर यायला नको होती. दोन तास कसेबसे काढायचे, पाहुणीला स्टेशनवर सोडायचं, की एगुची सुटले असते.

दार सरकलं.

"साहेब, आहात ना? सासूबाईंची तारीख पुढे गेली." किनुए चपला काढून आत आलीसुद्धा. "पाहुण्या येणार म्हणून मला सांगितलं नाहीत. चटईवाल्याच्या सुनेकडून कळतंय मला, बरं का."

एगुचींनी रेकॉर्डरकडे पाहिलं.

"तू कशाला त्रास घेतलास? आम्ही कामाचं बोलतोय."

"मग मी काय बिनकामाची? पंधरा वर्षं त्याच मजल्यावर बसले मी." तिने योकानचा, म्हणजे गोड घेवड्याच्या वडीचा डबा उघडून जाड जाड वड्या कापल्या आणि पहिली वाकुईपुढे ठेवली. "मी किनुए. खेळातलं लिखाण माझं. गावकरी काय बोलतात, दुकानदार काय म्हणतो, खेळणारा मेल्यावर काय दिसतं, ते सगळं. खा हो, आमच्या इथल्या ओगी गावचं आहे."

वाकुईचे डोळे चमकले. इतक्या कंपन्या पालथ्या घातल्या, पण लिखाणवाली कुठे भेटलीच नव्हती, असं ती म्हणाली. किनुए लाजली आणि तिने चहा ओतायला घेतला. एगुचींना एकाच गोष्टीची भीती होती, आणि ती म्हणजे किनुएच्या तोंडची भाषा.

"'सात किल्ले' हा खेळ तुमचाच ना?" वाकुईने विचारलं.

"करारात बसत नाही सांगणं."

"ती कंपनी बुडून अकरा वर्षं झाली."

"कंपनी बुडते. शब्द दिलेला असतो."

"आमचाच," किनुए म्हणाली. "साहेब, करारावर सह्या करणारे गेले सगळे. आता कोण येणारे तुम्हाला पकडायला?"

वाकुईने वही उलटली. "मग त्या लोहाराबद्दल विचारायचं होतं."

त्या लोहाराला आता सगळी दुनिया ओळखते. 'सात किल्ले'मध्ये गावोगावी एक लोहार होता. लढून लढून तलवारीला खांडे पडत. मुलं तलवार घेऊन लोहाराकडे जात, यादीतला तिसरा पर्याय निवडत, आणि तलवार नाहीशी होई. मुलं रडली, आईबापांनी पत्रं लिहिली. इंटरनेटवर आजही सगळ्यात ढिसाळ प्रोग्रामांची यादी कोणी केली की तलवार गिळणारा लोहार पहिल्या पाचात असतो, आणि त्याच्याखाली नाव असतं वारासुबो. कोणीतरी तर त्याचे टीशर्टही छापले होते.

"ती चूक कोणाची होती?"

एगुचींनी चहाचा घोट घेतला. तो भाजला तरी त्यांनी गिळला.

छत्तीस वर्षांपूर्वी टोकियोहून तक्रारींच्या पत्रांची पोतीच्या पोती आली होती. सोएजिमाने तीन दिवस प्रोग्राम ओळ न् ओळ तपासला, त्यात काही सापडेना. चौथ्या दिवशी त्याने पत्रं जमिनीवर पसरली आणि टपालाच्या शिक्क्यांप्रमाणे त्यांचे ढीग लावले. टोकियो, योकोहामा, सेंदाई, निइगाता, साप्पोरो, सगळी पूर्वेची आणि उत्तरेची शहरं. सागाचं एकही पत्र नव्हतं. फुकुओकाचं नाही, कुमामोतोचं नाही, ओसाकाचंसुद्धा नाही. मग त्याने एगुचींना जिन्यात बोलावलं आणि हळू आवाजात म्हणाला, "प्रोग्राम नाही, साहेब. शब्द आहे. नाओसु."

सागात, आणि ओसाकापासून पश्चिमेला सगळीकडेच, नाओसु म्हणजे वस्तू जागेवर ठेवून देणं. शाळेत बाई मुलांना वह्या नाओसु करायला सांगतात, घरी आई ताटं नाओसु करायला सांगते. टोकियोत त्याच शब्दाचा अर्थ दुरुस्त करणं. सागातल्या माणसाला हे ठाऊकच नसतं. बाकीचे गावरान शब्द त्याला कळतात, टोकियोवाल्यापुढे तो ते जिभेवरच थोपवतो, पण हा शब्द गावरान आहे अशी शंकाही त्याला कधी येत नाही. खेळातला लोहार मुळी तलवारी सांभाळून ठेवण्यासाठीच होता. त्याने ठेवलेली तलवार खेळणाऱ्याला खेळातल्या आपल्या घरच्या पेटीत मिळायची. किनुएने त्या पर्यायाला साधंसरळ नाव दिलं होतं, नाओसु. एकोणीस जणांनी चार महिने खेळ खेळून पाहिला, कोणी अडखळलं नाही. टोकियोच्या तपासनिसांनीही तो शब्द वाचला, आपल्या अर्थाने वाचला, आणि खेळाच्या पुस्तिकेत 'दुरुस्ती' असं छापून मोकळे झाले.

किनुए तेव्हा बावीस वर्षांची होती. वडिलांशी भांडून नोकरीला आलेली. लोहाराचं बोलणं लिहिताना ती घसा बसवून मोठ्याने म्हणून पाहायची आणि सगळा मजला हसायचा.

"माझा प्रोग्राम चुकला म्हणून सांगा," सोएजिमा जिन्यात म्हणाला होता. "शब्दाचं सांगितलंत तर ते आपल्याला गावंढळ म्हणून हसतील. ते हसू देत. पण ती पोरगी पुन्हा लेखणी हातात धरायची नाही. माझ्या नावावर आणखी एक चूक चढली तर काय बिघडलं?"

एगुची टोकियोला गेले. टेबलाला कपाळ टेकेपर्यंत वाकून, प्रोग्राम चुकला असं सांगून आले. त्या कंपनीने पुन्हा काम दिलं नाही, आणि तिचं बघून इतरांनीही हात आखडता घेतला. पुढची वर्षं कासासागिने किरकोळ खेळांवर काढली, आणि शेवटी तर समुद्रशेवाळ वाळवायच्या यंत्रांचे प्रोग्राम लिहून. सोएजिमाला जाऊन सात वर्षं झाली होती. दर वर्षी त्याच्या थडग्यावर पाणी घालताना एगुची त्याची माफी मागत. आणि आज ही मुलगी वही उघडून समोर बसली होती. खरं सांगावं, तर किनुएला या पाहुणीसमोरच कळणार की कंपनी तिच्या एका शब्दाने बसली. न सांगावं, तर सोएजिमा पुस्तकात कायमचा मूर्ख ठरणार.

"सोएजिमाची," एगुची म्हणाले. आवाज त्यांचा त्यांनाच परका वाटला. "प्रोग्राममध्ये चूक राहून गेली."

वाकुईने लिहून घेतलं. किनुए एगुचींकडे बघत होती. मग तिने रिकामे कप एकात एक न घालता, एकेक करून ताटलीत मांडले.

"वाकुईबाई, तुमचा चहा झाला ना? मग मी हे कप नाओसु करते."

एगुचींचा हात टेबलावर होता तिथेच राहिला.

वाकुईने कपांकडे पाहिलं. "का? फुटलेत का?"

"बघा," किनुए परत खाली बसली. "अस्संच झालं होतं."

"काय झालं होतं?"

"कप चांगले धडधाकट आहेत. मी ते फडताळात ठेवून देणार होते. आमच्याकडे ठेवून देण्याला नाओसु म्हणतात, तुमच्याकडे दुरुस्तीला. लोहार बिचारा सांगितलेलं काम करत होता हो, तलवार नीट ठेवून देत होता. तो शब्द मी लिहिला."

वाकुईची पेन्सिल हवेतच थांबली. ती एकदा किनुएकडे आणि एकदा एगुचींकडे बघू लागली. एगुचींना तिचं भान नव्हतं.

"कधीपासून माहितीये तुला?" त्यांनी विचारलं.

"पोरगी योकोहामाला शिकायला गेली ना, त्या वर्षापासून. खोलीतल्या मैत्रिणीला म्हणाली, माझी छत्री नाओसु कर. ती शहाणी छत्री घेऊन दुरुस्तीवाल्याकडे गेली. पोरीने मला फोनवर हसत हसत सांगितलं. मीही हसले. फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात जमिनीवर बसले."

"चौदा वर्षं झाली त्याला."

"हो. दुसऱ्या दिवशी सोएजिमादादांकडे गेले. दादांनी सगळं सांगितलं, जिन्यातलंसुद्धा. म्हटलं, आत्ताच्या आत्ता साहेबांकडे जाते आणि पाय धरते. तर म्हणाले, जाऊ नकोस."

"का पण?"

किनुए रेकॉर्डरकडे बघून घुटमळली. वाकुईने तो बंद करायला हात पुढे केला, तेव्हा किनुएने मानेनेच नको म्हटलं.

"म्हणाले, साहेबांची कंपनी गेली, बायको गेली. तुला सांभाळतोय एवढं एकच त्यांच्याकडे राहिलंय. ते काढून घेऊ नकोस."

एगुचींना आधी राग आला. दर वसंतात तिघं मिळून नदीकाठी फुलं बघायला जात. एकाच डब्यातलं खात. या दोघांना सगळं माहीत होतं आणि ते तोंड भरून खात होते. टीव्हीवर बोलीभाषांचा कार्यक्रम लागला की आपण घाईघाईने वाहिनी बदलायचो, तेही त्यांना आठवलं, आणि त्यांचे कान तापले. अशा वेळी किनुए नेमकी खिडकीबाहेर बघायची. तिला बाहेर काय दिसतं हे विचारायचं त्यांना कधी सुचलं नव्हतं. मग राग ओसरला आणि एगुचींना सोएजिमाची फार आठवण आली.

"मग आज कशाला बोललीस?" त्यांनी विचारलं.

"आजचं बोलणं छापलं जाणार म्हणून. घरातल्या घरात ताकास तूर लागू दिली नाही, ते वेगळं. दादा होते तोवर ते हसण्यावारी न्यायचे. पण पुस्तक सोएजिमावहिनी वाचतील, साहेब. नवऱ्याच्या नावाखाली ते वाचायचं त्यांनी?"

वाकुईने खाकरून घसा साफ केला.

"एगुचीसाहेब, म्हणजे प्रोग्राममध्ये चूक होती की नव्हती?"

"नव्हती," एगुची म्हणाले. त्यांनी पाठ ताठ केली. "सोएजिमाच्या कामात एकही चूक नव्हती. आधी ते लिहा. आणि तो मासा नको, खरं नाव लिहा. सोएजिमा शिगेनोरी." त्याच्या नावातली अक्षरं कशी काढायची तेही त्यांनी बोटाने टेबलावर गिरवून दाखवलं. या वेळी त्यांना करार आठवला नाही.

"आणि शब्द? तो कोणाचा म्हणून लिहू?"

किनुएने तोंड उघडायच्या आत एगुची बोलले. "कासासागिचा लिहा. एकोणीस जणांनी वाचला होता तो, माझ्यासकट. आमचा सगळ्यांचा."

"साहेब."

किनुएचा आवाज नेहमीचाच होता, भाजी ठेवताना असतो तसा.

"छत्तीस वर्षं तुम्ही दोघांनी माझी चूक आपसांत वाटून घेतलीत. आता माझी मला परत द्या."

एगुचींनी तिच्याकडे पाहिलं. कानशिलांवर पांढरे झालेले केस, हाताला योकानचा चिकटा, आणि नजर सरळ त्यांच्यावर. ते इतकी वर्षं एका बावीस वर्षांच्या मुलीची काळजी वाहत होते. ही बाई तर अठ्ठावन्न वर्षांची होती.

ते वाकुईकडे वळले.

"मित्सुताके किनुए," ते म्हणाले. "आडनाव लग्नाआधीचं लिहा. तेव्हा तेच होतं."