बेचाळिसाव्या मिनिटाची ताई

“मी गेल्यावर मला बहीण म्हणायचं नाही हं. कुणापुढेही.” — हे ऐकू आलं तेव्हा ती डबिंगच्या खोलीत हेडफोनच्या गादीची उसवलेली शिवण अंगठ्याने आत दाबत होती... आवाज हेडफोनमधला नव्हता. दोन वर्षांपूर्वीचा, दवाखान्यातल्या खाटेवरचा — जिच्याबरोबर तिने एक घर केलं होतं, तिचा.

काचेपलीकडून दिग्दर्शिका म्हणाली, “बाई, एकच शब्द. ‘ताई.’ नटी पाठमोरी आहे, ओठ जुळवायचीही कटकट नाही.”

पडद्यावर, बेचाळिसाव्या मिनिटाला, एक बाई दुसरीच्या ओल्या केसांतला गुंता सोडवत होती, आणि सोडवता सोडवता तिच्या मानेवर कपाळ टेकत होती — एवढंच. एवढ्यावर सेन्सॉरचं पत्र आलं होतं: दोघींचं नातं शोभेल असं स्पष्ट करावं, मगच प्रमाणपत्र.

“याच सिनेमात नवरा बायकोला फरफटत नेतो,” ध्वनिमुद्रक हसला, “त्याला हात नाही लावला साहेबांनी. ते म्हणे कौटुंबिक!”

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. कौटुंबिक! फरफटलं तर कुटुंब, आणि गुंता हळुवार सोडवला तर... आणि हेच सांगणार काय शोभतं ते? एकोणीस वर्षं, एकही पहाट न चुकवता, दिवा लावून ती दोघींसाठी मागत आली होती; देवाने कधी नातं विचारलं नव्हतं. विचारलं ते दवाखान्याच्या फॉर्मने — आणि तिनेच, मुकाट्याने, आपल्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं, ‘बहीण’. “बहिणी शोभता हो अगदी!” नर्स म्हणाली, खाटेवरची हसली, आणि नर्स गेल्यावर भिंतीकडे वळली... साहेब आज मागताहेत ते आपण तर न मागताच देऊन बसलो होतो.

रेकॉर्डिंगचा लाल दिवा लागला. तोंड उघडलं. तिने माईक बाजूला सारला.

“बाई?”

“हे पत्र ज्यांनी धाडलं, त्यांचं ऑफिस कितीपर्यंत उघडं असतं?”

“पाचपर्यंत. पण वाद नका हो घालू, सिनेमा लटकेल. तुम्ही नाही म्हटलंत तर... मला दुसरीकडून म्हणवून घ्यावं लागेल.”

“घे मग. संध्याकाळपर्यंत थांब फक्त, पोरी.”

तिने हेडफोन खुंटीला अडकवला, पत्राची घडी पर्समध्ये ठेवली, चपला घातल्या. जिन्यात कुणी नव्हतं. “मी तिची...” पुढचा शब्द आयुष्यात कधी उच्चारलेला नव्हता, पायरीगणिक ती तो जुळवत राहिली — ओठ दिसणार असल्यासारखा, नीट.