तीनशे वर्षांचा उपवास

युन गुरुजींनी भगर खाल्ली आणि सगळा घोटाळा झाला.

खरं तर त्या बिचाऱ्याने काहीच खाल्लं नव्हतं. तीनशे वर्षं धान्याचा कण तोंडात न घातलेला, ढगांच्या डोंगरावर जगाकडे पाठ करून बसलेला सिद्धपुरुष तो. त्याला भगर खाऊ घातली परभणीच्या उत्तरा नावाच्या बाईने, आणि तीही एका ओळीत.

'ढगांच्या पायऱ्या' ही चिनी कार्टून मालिका. तिकडे एक बाई इंटरनेटवर रोज एक भाग अशी वर्षानुवर्षं ही कथा लिहीत आलीय. तिचं टोपणनाव 'गार चहा'. म्हणे लिहायला बसली की चहा ठेवल्या जागी गार व्हायचा, म्हणून. वाचक रात्री बारापर्यंत पुढच्या भागासाठी तिच्या मागे लागायचे. पुढे त्या कथेचं कार्टून झालं, कार्टून देशोदेशी गेलं, आणि फिरत फिरत मुंबईच्या एका स्टुडिओत मराठी व्हायला आलं. तिथून ते उत्तराच्या लॅपटॉपवर.

उत्तरा कृषी विद्यापीठाची पदवीधर. लग्न झालं, अंबिका झाली, आणि नोकरी 'बघू पुढं' म्हणत राहिली. हे संवाद लिहायचं काम म्हणजे चार वर्षांत तिला पहिल्यांदा स्वतःचं म्हणता येईल असं मिळालेलं काही. काम दिसायला सोपं होतं. पडद्यावरचं तोंड जितका वेळ उघडं तितकीच मराठी त्यात बसवायची. कमी पडली तर माणूस मुक्याने चावल्यासारखा दिसतो, जास्त झाली तर तोंड मिटल्यावरही बोलत राहतो.

तिसऱ्या भागात शिष्य दोऊ वाडगा घेऊन गुरुजींकडे येतो. चिनीत तो दोनच शब्द बोलतो आणि तोंड मात्र चांगलं मोठं हलवतो. पडद्याखालच्या इंग्रजी पाट्यांवर लिहिलेलं होतं, की गुरुजींचा उपवास चालू आहे. त्या दिवशी एकादशी. उत्तरा एका हाताने टाइप करत होती आणि दुसऱ्या हाताने साडेतीन वर्षांच्या अंबिकेच्या तोंडापाशी घास धरून बसली होती. "भगर तरी खा गं, माय!" असं ती पोरीला म्हणाली, आणि तेच दोऊच्या तोंडात जाऊन बसलं. अगदी मापात. "भगर तरी खा, गुरुजी!" गुरुजींची पाठ कॅमेऱ्याकडे, दाढी वाऱ्यावर. तोंडच दिसत नाही म्हटल्यावर उत्तराने त्यांनाही एक ओळ बहाल केली: "सकाळीच खाल्ली रे."

उपवास म्हणजे न खाणं, हे तिच्या डोक्यातच आलं नाही. कसं येईल? तिच्या घरी उपवासाच्या दिवशी इतर दिवसांपेक्षा दोन पदार्थ जास्तच होत.

मराठी ओळींचं उलट भाषांतर होऊन ते चीनला मंजुरीसाठी गेलं, आणि चौथ्या दिवशी स्टुडिओच्या राजेश्री मॅडमचा फोन आला.

"उत्तरा, तुम्ही काय केलंत हे? अहो, सगळी कथा त्या उपवासावर उभी आहे! त्या लेखिकाबाई म्हणतायत, माझ्या गुरूला तिसऱ्याच भागात जेवू कुणी घातलं? मला ते लिहिणाऱ्या बाईशीच बोलायचंय."

"माझ्याशी? मॅडम, मी काय बोलू?"

"सॉरी म्हणा. ओळ काढतो म्हणा. बाकी काही बोलू नका. त्यांना पटलं नाही तर मला पुढचे सगळे भाग इथल्या लेखकाकडे द्यावे लागतील. माझ्या हातात काही राहणार नाही."

आणि व्हिडिओ कॉलचा दिवस ठरला तो नेमका येळवशीचा.

येळवस म्हणजे मार्गशीर्षातली अमावस्या. उत्तराच्या सासरी, राणीसावरगावात, त्या दिवशी कुत्रंसुद्धा राहत नाही. सगळी घरं शेतात. कडब्याची खोपटासारखी कोप उभारायची, आत चुन्याने रंगवलेले पाच दगड पांडव म्हणून मांडायचे, पूजा करायची आणि मग जेवायचं, वाढायचं, वाटेने जाणाऱ्याला ओढून आणून पुन्हा वाढायचं. सून शेतात आली नाही तर सासूबाई कमलबाई वर्षभर बोलून दाखवणार. तेव्हा उत्तरा लॅपटॉप, चार्जर, अंबिका, अंबिकेची गरम टोपी, तापाचं औषध, डास मारायचं मलम, एवढा सगळा संसार घेऊन नवऱ्याच्या मोटारसायकलवरून शेतात दाखल झाली.

"दवाखानाच आणलास की गं," कमलबाई म्हणाल्या.

"असू द्या, आत्याबाई. थंडी आहे."

"पोरगी मातीत खेळली की आपोआप जेवती. तू निस्ती तिच्या मागं मागं हिंडायलीस."

उत्तरा हसली. नजर मात्र अंबिकेवरून हलली नाही. हरभऱ्यात साप असेल का, गुळाच्या ढेपेवर गांधीलमाशी बसलीय का, तिकडे कोण पोरगं काठी फिरवतंय. हे सगळं ती एकाच वेळी बघत होती, आणि मनातल्या मनात 'सॉरी, ओळ काढतो' याची उजळणीही चालू होती.

साडेअकराचा कॉल. अकरा वाजता कळलं, की कोपीत नेटवर्क नाही.

"बांधावर बघ," नवरा, विवेक, म्हणाला. बांधावर नव्हतं. जांभळीखाली नव्हतं. सासरे बन्सीधरराव तंबाखू मळत शांतपणे म्हणाले, "रेंज एकाच जागी हाय. हिरीपाशी."

विहिरीला कठडा होता, पण तिच्या मते तो पुरेसा नव्हता. तिच्या मते कुठलाच कठडा पुरेसा नव्हता. अंबिकेला विहिरीच्या बाजूला फिरकू द्यायचं नाही, असं तिने सकाळपासून प्रत्येकाला बजावलं होतं, अगदी बैलांच्या राखणीला बसलेल्या म्हाताऱ्यालासुद्धा. आता तिलाच तिथे उभं राहायचं होतं, आणि अंबिका तर आईला सोडून कुणाकडे राहायला तयार नव्हती.

शेवटी तिने ओढणी काढली, एक टोक स्वतःच्या कमरेला आणि दुसरं पोरीच्या कमरेला बांधलं, वर दोन गाठी मारल्या.

"अगं, शेरडू हाय का ते?" कमलबाईंनी कपाळाला हात लावला.

"राहू द्या. मला धीर येतो."

फोन कठड्यावर उभा केला आणि पडद्यावर तीन चौकोन उमटले. एकात राजेश्री मॅडम, चेहरा परीक्षेच्या निकालासारखा. दुसऱ्यात लिन नावाची तरुण दुभाषी, चीनमध्येच हिंदी शिकलेली. तिसऱ्यात साधीशी, केस वर बांधलेली, चष्म्याची बाई. हीच 'गार चहा'. उत्तराला वाटलं होतं कुणी रेशमी झग्यातली असेल. ही तर बँकेत पासबुक भरायला रांगेत उभी असावी अशी दिसत होती.

"नमस्कार उत्तरा जी," लिन म्हणाली. "आदरणीया लेखिका जी आपसे ज्ञात करना चाहती हैं कि भगर क्या पदार्थ है?"

मागून बन्सीधररावांचा आवाज आला, "हे रेडिओ लावला का काय?"

उत्तरा 'सॉरी' म्हणणार होती. पण प्रश्नच वेगळा आला. तिने परभणीची हिंदी जुळवली. "वो... उपवास को खाते. छोटे छोटे सफेद दाने रहते. भात के जैसा पकाते, ऊपर से शेंगदाने की आमटी."

लिनने ते चिनीत सांगितलं. बाईंनी चष्मा वर केला. पुन्हा काही विचारलं.

"लेखिका जी का प्रश्न है, वह अन्न का दाना है अथवा नहीं?"

राजेश्री मॅडम घाईने मधे पडल्या, "नाही नाही, म्हणजे, अन्न नहीं है. फराळ है." आणि डोळ्यांनी उत्तराला खुणावलं: 'नाही' म्हणा आणि मोकळ्या व्हा.

सुटायला हीच वाट सोपी होती. 'धान्य नाही' म्हटलं की झालं. गुरुजींचा उपवास मोडलाच नाही, चूक झालीच नाही, काम राहिलं. पण उत्तराने विद्यापीठात भगरीची ओंबी हातात धरून बघितलेली होती. आणि समोरच्या बाईने वर्षानुवर्षं रोज एक भाग लिहिला होता. तिला फसवायचं म्हणजे ओढणीची गाठ न बांधताच बांधली म्हणण्यासारखं.

"धान्यच आहे," ती म्हणाली. "अनाज ही है. वरी बोलते उसको. मगर उपवास को हम लोग उसको धान्य में नहीं पकडते."

लिन अडखळली. "नहीं पकडते... अर्थात?"

"मतलब है तो धान्य. गिनते नहीं."

"कौन नहीं गिनता?"

उत्तराने मागे बघितलं. कमलबाई अंबिकेसाठी बाजरीच्या पिठाचा उकडलेला उंडा आणि कडधान्यांची पातळ भज्जी घेऊन आल्या होत्या आणि पडद्यात वाकून पाहत होत्या.

"कोणी म्हणजे?" कमलबाई थेट चीनला उद्देशून म्हणाल्या. "सगळेच न्हाई धरत. माझी सासू न्हाई धरायची, तिची सासू न्हाई धरायची. देव काय बोलला न्हाई आजवर."

उत्तराने होतं तसं हिंदीत केलं. लिनने चिनीत केलं. राजेश्री मॅडमनी डोळे मिटून घेतले.

मग 'गार चहा' बाई बोलू लागल्या, हातवारे करून, आणि लिन भराभर सांगू लागली. बाईंची आई व्रताच्या दिवशी मांस खात नाही. मात्र शिंपल्यातली कालवं खाते. का, तर ती मांसात मोजत नाहीत. बाईंनी लहानपणी विचारलं होतं, कोण मोजत नाही? तर आईने लाटणं दाखवलं होतं.

"बघ!" कमलबाई म्हणाल्या. "शहाणी हाय तिची माय."

उत्तराला हसू फुटलं, पण बाईंचा चेहरा पुन्हा गंभीर झाला. लिनने सावकाश सांगितलं. शिष्याने भगर पुढे करणं त्यांना आवडलं. तसा लळा लावणारा शिष्य आपल्याला लिहिता आला नाही, असंही त्या म्हणाल्या. पण गुरूने खाल्लेलं चालणार नाही. वाचक वर्षानुवर्षं त्याच्यासोबत उपाशी बसलेत. तो उपवास फार पुढे, शेवटीच सुटायचा आहे. तेव्हा गुरूची ओळ बदला. आत्ता, इथेच. आता सुचली तर हे काम तुमच्याकडेच राहील. नाही सुचली तर त्या स्टुडिओला दुसरा माणूस शोधायला सांगतील.

"आत्ता?" उत्तराने विचारलं.

गुरुजींची पाठ, वाऱ्यावरची दाढी, "सकाळीच खाल्ली रे" एवढंच माप. शिष्य प्रेमाने वाडगा पुढे करतोय. गुरूने नको म्हणायचं, पण रागाने नाही, प्रवचन देऊन नाही. 'मला नको' अगदी फिकं. 'माझं व्रत आहे' हे तर सगळ्यांना ठाऊकच. राजेश्री मॅडम घड्याळ बघत होत्या. ओढणीला झटका बसला. अंबिका दुसऱ्या टोकाला माती उकरत होती. उत्तराचा एक डोळा तिकडे.

आणि तेवढ्यात तिला एकादशीचं घर दिसलं. उपवास एकट्या कमलबाईंचा. पातेलंभर भगर चुलीवरून उतरायचा अवकाश, की आधी विवेक बशी घेऊन येणार, 'चव बघतो' म्हणून. मग बन्सीधरराव, 'थोडीच दे' म्हणत. मग शेजारची दोन पोरं. तिला स्वतःलाही दोन घास नको असताना लागायचे. सगळे जेवूनखाऊन आणखी उपवासाचं खाणार, आणि जिचा उपवास ती पातेलं खरवडत बसणार. कुणी 'तुम्ही खा की' म्हटलं, की कमलबाई पातेलं उलटं करून दाखवायच्या आणि म्हणायच्या...

"ठेवलीस कुठं, मेल्या?" उत्तरा मोठ्याने म्हणाली.

"काय?" राजेश्री मॅडम दचकल्या.

"गुरुजी म्हणतात. दोऊ वाडगा पुढे करून म्हणतो, भगर तरी खा, गुरुजी. आणि गुरुजी मागे न बघता म्हणतात, 'ठेवलीस कुठं, मेल्या?' वाडगा रिकामा. येता येता त्यानेच संपवली."

मग तिने लिनला समजावलं, की आमच्याकडे उपवास एकाचा असतो आणि भगर अख्ख्या घराची. लिन आधी स्वतःच हसत सुटली, इतकी, की तिची शुद्ध हिंदी पार विस्कटली. कसंबसं तिने चिनीत सांगितलं. 'गार चहा' बाईंनी चष्मा काढला, टेबलावर डोकं टेकवलं, आणि त्यांचे खांदे गदगदू लागले. रडतायत की हसतायत, कळेना. वर आल्या तेव्हा डोळे पुसत काही म्हणाल्या.

"लेखिका जी कह रही हैं," लिन धापा टाकत म्हणाली, "इतने वर्षों से पाठक पूछ रहे हैं कि गुरु तीन सौ वर्ष भूखे कैसे रहे. आज उत्तर मिला. उनके शिष्य थे."

राजेश्री मॅडमचा चेहरा पहिल्यांदा माणसात आला. "उत्तरा, वाडगा रिकामा दिसतो का पण चित्रात?"

"कडा दिसते, मॅडम. आतलं दिसत नाही. मी बघून ठेवलंय."

"मग पुढचे भाग उद्या पाठवते. तुम्हालाच."

उत्तराने मान हलवली. कमलबाईंनी न विचारता तिच्या तोंडात उंड्याचा एक घास कोंबला, लहान पोराला भरवावा तसा, आणि उरलेला अंबिकेला.

पण बाई कॉल बंद करायला तयार नव्हत्या. आज रात्रीचा भाग अजून लिहायचा होता आणि भगर त्यांना आजच त्यात हवी होती. कार्टूनवाल्यांचं ते पुढे बघून घेतील. चिनी अक्षरात लिहायची, तर उच्चार नीट कळायला हवा. त्यांनी ओठ गोल केले. "फा-गा-अ."

"भ," उत्तरा म्हणाली. "भगर."

"पा-गा-ल."

"पागल न्हाई, बाई!" कमलबाईंनी सुनेला बाजूला सारलं आणि कठड्यावर कोपर टेकवून तोंड पडद्यापाशी नेलं. "भ! पोटातून काढा. भ! भ!"

"प्हा!"

"जोर लावा! जेवला न्हाई का सकाळपासनं?"

कोपीतून माणसं जमू लागली. बन्सीधरराव तंबाखू थुंकून "भ" म्हणाले, विवेक म्हणाला, शेजारच्या शेतातले पाव्हणे कशासाठी ते न विचारता म्हणू लागले. ओढणीच्या टोकाशी अंबिका दोन्ही गालांत घास घेऊन उड्या मारत ओरडत होती. उत्तराने एका हाताने तिची कॉलर धरली, दुसऱ्याने फोन सावरला, आणि विहिरीवर वाकून सगळ्यांच्या बरोबरीने चीनला ऐकू जाईल असं म्हणाली, "भगर!"