गारांचं आइस्क्रीम

लेखक संघटनेचा जाडजूड लखोटा मंगळवारी सकाळी आला, तेव्हा व्हर्ना घरात एकटीच होती. तिचा नवरा एमेट नेहमीप्रमाणे वाचनालयात गेला होता. तिथल्या शांततेत कादंबरी लिहितो, असं तो म्हणायचा.

अकरा वर्षांपूर्वी दोघं न्यूयॉर्क सोडून हॉलिवूडला आली, ती एमेटच्या जिवावर. त्याचं एक विनोदी नाटक ब्रॉडवेवर दोन हिवाळे चाललं होतं. व्हर्नाची नाटकं तीन-तीन आठवड्यांत आटोपायची. इथं मात्र पारडं फिरलं. तिच्याकडं पटकथांची रीघ लागली आणि गेले सोळा महिने एमेटला कुणी विचारल्याचं तिच्या कानावर नव्हतं.

लखोट्यात एकाच चित्रपटाच्या तीन पटकथा होत्या. तिघांनी पाठोपाठ काम केलेलं, आणि आता पडद्यावर नाव कुणाचं यावरून भांडण. अशा वेळी संघटना एखाद्या सभासदाला पंच नेमायची. पंचाला नावं सांगत नसत. लेखक अ, लेखक ब, लेखक क, एवढंच. लिहिणारा ओळखू आला, तर कागद परत करायचे, असा नियम.

अ आणि ब तिनं दुपारपर्यंत संपवले. क च्या चाळिसाव्या पानावर मात्र तिचा हात थबकला. शेतावर गारपीट होते. ओट्सचं उभं पीक झोपतं. शेतकरी पायरीवर बसून राहतो आणि त्याची बायको टब घेऊन अंगणात जाते, गारा भरून आणते, आइस्क्रीमच्या भांड्याभोवती ठासते. ‘फुकट आल्यात, वाया कशाला घालवायच्या?’ म्हणते.

ती बाई व्हर्नाची आई होती. मिनेसोटातलं ते अंगण व्हर्नाचं होतं. ही गोष्ट तिनं एका अपुऱ्या नाटकात लिहून ठेवली होती आणि तोंडानं सांगितली होती फक्त एका माणसाला.

तिच्या मनात पाल चुकचुकली.

संध्याकाळी जेवताना तिनं सहज विचारल्यासारखं विचारलं, “आज किती पानं झाली?”

“चार.”

“वाचायला दे की कधीतरी.”

“कच्चं लिखाण मी दाखवत नाही. माहीत आहे तुला.”

“पूर्वी तर टाइपरायटरमधून कागद निघायच्या आत माझ्या नाकासमोर धरायचास.”

एमेटनं काटा खाली ठेवला. “पूर्वी तू हसायचीस. आता तपासतेस.”

तिनं ताटं उचलली, पण मन काही स्वस्थ बसेना. दुसऱ्या दिवशी ती वाचनालयात गेली. टेबलामागच्या बाईंनी चष्मा वर केला. “ते उंच गृहस्थ? हिवाळ्यात रोज यायचे. खिडकीशी बसून वर्तमानपत्रं वाचायचे. मार्चपासून काही दिसले नाहीत.”

घरी येऊन तिनं आपल्या टेबलाचा खण उघडला. नाटकाची पानं जागच्या जागी होती. पण ती स्वतः कागदांना नेहमी उजव्या कोपऱ्यात क्लिप लावायची आणि आता क्लिप डाव्या कोपऱ्यात होती. एमेट डावखुरा होता.

तो आला तेव्हा गारांचं पान तिनं टेबलावर मांडून ठेवलं होतं. तो टोपीसकट उभा राहिला.

“कधी कळलं?”

“लखोटा आला तेव्हाच. पंच मीच आहे.”

तो खुर्चीत बसला. “पाच आठवड्यांचं काम होतं. निर्मात्याला मधल्या भागात काहीतरी जिवंत हवं होतं, आणि माझी विहीर कोरडी पडली होती गं.”

“मागायचंस.”

“दिलं असतंस?”

“नाही.”

“म्हणूनच नाही मागितलं.” त्यानं टोपी काढली. “सात वर्षं नुसतं पडून होतं ते, व्हर्ना.”

“ठेवलेली वस्तू म्हणजे टाकलेली नव्हे, एमेट.”

सकाळी तिनं लखोटा परत केला. सोबत एकच ओळ: लेखक ओळखू आला. चोरीचा शब्दही काढला नाही. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. लाज त्याची वाटत होती की स्वतःची, हेच कळत नव्हतं. दुसऱ्या पंचानं अ आणि क यांना श्रेय दिलं. चित्रपट लागला, समीक्षकांनी गारांचा प्रसंग डोक्यावर घेतला, आणि एमेटच्या मागं पुन्हा काम लागलं.

व्हर्नानं हट्टानं नाटक पुरं केलं. दोन वर्षांनी ते न्यूयॉर्कला रंगमंचावर आलं, तेव्हा एका मोठ्या वर्तमानपत्रानं लिहिलं, ‘गारांचा प्रसंग ओळखीचा वाटतो. नवऱ्याच्या चित्रपटातून उचलण्याची सोय प्रत्येकीला नसते.’

एमेटनं ते वाचलं आणि तो टाइपरायटरशी बसला. तासाभरानं त्यानं संपादकांना लिहिलेलं पत्र तिला वाचून दाखवलं. ‘प्रसंग माझ्या बायकोच्या आईचा, नाटक माझ्या बायकोचं. मी तो तिच्या खणातून तिला न विचारता घेतला.’ खाली पूर्ण सही. इतकं सरळ त्यानं कित्येक वर्षांत काही लिहिलं नव्हतं. व्हर्नाचे डोळे भरून आले. तो टोपी घालून टपालपेटीकडं गेला.

पत्र छापून आलं नाही. एक आठवडा गेला, मग महिना.

“टाकलंस ना?”

“टाकलं म्हणालो ना.” त्यानं मान वर केली नाही.

एका सकाळी तो स्टुडिओत गेल्यावर तिनं न्यूयॉर्कला त्या वर्तमानपत्राच्या कचेरीत फोन लावला. पलीकडच्या मुलीनं कागद चाळल्याचा आवाज आला. “बाई, आठवड्याला तीनशे पत्रं येतात आमच्याकडं. न छापलेली ठेवत नाही आम्ही. आलं असेलही.”

फोन केल्याचं तिनं एमेटला कधी सांगितलं नाही. घटस्फोटही घेतला नाही. दोघं एकाच छताखाली आणखी एकोणीस वर्षं राहिली, तिची चार नाटकं झाली. पण प्रत्येक अंक पुरा झाला की त्याची एक प्रत ती मिनेसोटातल्या डुलुथला बहिणीकडं रजिस्टर टपालानं पाठवायची, तारखेचा शिक्का पुरावा म्हणून राहावा यासाठी. एमेट म्हणायचा, “मी टपाल कचेरीकडंच चाललोय, दे इकडं.”

“राहू दे,” ती म्हणायची, आणि पायांत बूट चढवायची.