मिस पेलचं नववं प्रकरण

जुना टेपरेकॉर्डर म्हटलं की तुम्ही नाक मुरडणार, हे मला ठाऊक आहे, मित्रांनो. माझं एक बटण तुटलंय, झाकणाला चिकटपट्टी आहे आणि अंगावर बोटभर धूळ. थॉर्नेस गावातल्या जुन्या वस्तूंच्या दुकानात एक शिवणयंत्र आणि एक फुटकी किटली यांच्या मधे मी बसलो आहे. पण एके काळी माझा काय थाट होता म्हणून सांगू! लेखिका मार्जरी पेल यांची पुस्तकं इंग्लंडातल्या शाळाशाळांत वाचली जात, आणि त्या रोज सकाळी अकरा वाजता माझ्यासमोर बसून नवं पान वाचत. छापखान्याच्या आधी ते मला ऐकायला मिळे.

माझा जन्म १९६८ सालचा. कारखान्यातल्या बायका चिमट्यांनी माझ्या तारा जोडत होत्या आणि नवऱ्यांच्या तक्रारी सांगून खिदळत होत्या. मी ऐकलेले पहिले आवाज ते.

मिस पेल तेव्हा शाळेत भूगोल शिकवायच्या. चार प्रकाशकांनी परत धाडलेलं त्यांचं हस्तलिखित पाचव्यानं घेतलं, त्याच आठवड्यात त्यांनी मला घरी आणलं. त्या लिहीत तेरा-चौदा वर्षांच्या मुलांसाठी, म्हणजे जी धड लहान नाहीत आणि धड मोठीही नाहीत. लिहिलेलं मोठ्यानं वाचायचं, मी ते टिपायचं, मग चहाचा कप हातात घेऊन डोळे मिटून ऐकायचं आणि अडखळेल तिथे पेन्सिलीनं रेघ मारायची, ही त्यांची पद्धत. "पोरं कानानं वाचतात," त्या म्हणायच्या, "आणि कंटाळली की तोंडावर सांगतात." तिसऱ्या पुस्तकाला पदक मिळालं. मुलांची पत्रं पोत्यानं यायला लागली, शाळेची नोकरी सुटली ती कायमची. मुलाखतीला आलेल्या माणसांना त्या माझ्याकडे बोट दाखवून सांगायच्या, "माझा खरा संपादक हा." मी कसला फुलून जायचो!

मग आली १९८१ची शाळेची जत्रा. आमच्याकडे लेखकांनी अशा जत्रेला एक बक्षीस द्यायची रीत आहे. सोडतीत ज्याची चिठ्ठी निघेल, त्याचं नाव पुढच्या पुस्तकातल्या पात्राला द्यायचं. चिठ्ठी निघाली गेनर स्टब्जची. मासे-बटाटे तळून विकणाऱ्या स्टब्जबाईंची ही मुलगी, वय तेरा, जीभ तिखट.

मिस पेलनी मला तिच्यापुढे धरलं. "नाव नीट सांग गं. उच्चार चुकायला नको."

"गेनर स्टब्ज," ती म्हणाली. "आणि मिस, मला मारा हं पुस्तकात."

"अगं बाई! मारू कशाला?"

"मग काय केक खायला लावणार? चांगलं भयंकर मारा. वर्गात सगळे जळले पाहिजेत."

सगळे हसले. मिस पेलही हसल्या. त्यांनी वचन दिलं.

नवव्या प्रकरणात त्यांनी ते पाळलं. आमचा समुद्र ओहोटीला मैलभर मागे जातो आणि परत येताना पुढून येत नाही, तो मागून वळसा घालून येतो. पुस्तकातली गेनर बूट काढते, वाळूवर शेजारी शेजारी ठेवते आणि पाण्याकडे चालू लागते, असं ते प्रकरण. वाचताना मिस पेलचा आवाज छान लागला होता. मी सगळं टिपलं. मग त्यांनी चहा ओतला, डोळे मिटले आणि माझं बटण दाबलं.

"गेनरनं बूट काढले," माझ्यातून त्यांचा आवाज आला. मग जरा थांबून, अगदी जवळून, एक दुसरा आवाज आला.

"आले."

मिस पेलनी डोळे उघडले. मित्रांनो, तो गेनरचा आवाज होता. तुम्ही म्हणाल, जत्रेतला जुना आवाज खाली राहिला असेल. मीही मनाची तीच समजूत घातली. नवा आवाज भरताना जुना पुसायचा हे माझंच काम, आणि वयोमानानं ते माझ्याकडून धड होत नव्हतं. पण जत्रेत गेनर 'आले' असं म्हणालीच नव्हती. माझ्याइतकं हे कोणाला माहीत असणार?

चौथ्या दिवशी दुपारी स्टब्जबाई पदराला हात पुसावेत तसे ॲप्रनला हात पुसत दारात उभ्या राहिल्या. "मिस पेल, तुम्ही आमच्या पोरीच्या डोक्यात काही भरवलंय का?"

"का हो? काय झालं?"

"शाळा सुटली की वाळूवर जाते. बूट हातात. काल तर गुडघाभर पाण्यात होती, कोळ्यानं धरून आणली. विचारलं कशाला मरायला गेली होतीस, तर म्हणते, बोलावलं म्हणून. कोणी बोलावलं, ते सांगत नाही."

मिस पेलनी हातातली बशी खाली ठेवली. ते प्रकरण त्यांनी जगात कोणालाही दाखवलं नव्हतं. फक्त मी ऐकलं होतं.

बाई गेल्यावर त्यांनी ती पानं शेगडीत घातली. नवं लिहिलं, गेनर घरी परत येते असं. कोरी कॅसेट घातली, वाचलं, ऐकलं. त्यांच्या आवाजाखाली जुनं वाक्य सुतासारखं बारीक चालूच होतं, आणि शेवटी तेच. "आले." दुसरी कॅसेट, तिसरी कॅसेट. काही फरक नाही. मला इतकी लाज वाटली! जे पुसायला मला घडवलं तेवढंच मला पुसता येईना, आणि तिकडे पोरगी रोज थोडी थोडी पुढे जात होती.

शनिवारी लंडनहून त्यांचे संपादक डेनिस ऑकली आले. बारा पुस्तकं त्यांनी मिळून केलेली. नवी पानं वाचून त्यांनी चष्मा काढला. "मार्जरी, हे काय? आठ प्रकरणं भरती येतेय, येतेय, आणि नवव्यात तीच भरती रिकाम्या हातानं परत जाते?"

"जाऊ दे की. गेनर खरी मुलगी आहे, डेनिस."

"नाव खरं आहे गं, मुलगी कागदाची. समुद्राला कोणीतरी द्यावंच लागणार. नाही तर ही गोष्ट मिटायचीच नाही."

ते सहज बोलून गेले. मिस पेल मात्र बराच वेळ खिडकीतून वाळूकडे बघत राहिल्या.

सोमवारी त्यांनी नववं प्रकरण पुन्हा लिहिलं. आता वाळूवर एक बाई येते. भूगोलाची जुनी शिक्षिका, भरतीचं वेळापत्रक पाठ असलेली. ती गेनरच्या हातात बूट देते, "घरी जा, मागे बघू नकोस," म्हणते, आणि तिच्या जागी पुढे चालू लागते. कागदावर त्या बाईला नाव नव्हतं. पण वाचताना मिस पेल त्या वाक्यापाशी थांबल्या, माझ्याकडे वाकल्या आणि स्वच्छ आवाजात त्यांनी स्वतःचं नाव घेतलं.

मग त्यांनी ऐकलं. गेनरचा आवाज आला नाही. मी मनात हुश्श करतोय तोच टेपच्या शेवटाला कोणीतरी हळूच म्हणालं, "आले." आवाज मिस पेलचा होता. त्यांनी मान हलवली, मला बंद केलं आणि उरलेला चहा सावकाश संपवला.

पुस्तक छापून आलं. पहिल्याच आठवड्यात गेनर ते घेऊन तणतणत आली.

"हे काय हो मिस! मारलंच नाहीत मला! सगळा मान त्या म्हातारीला, आणि मी नुसते पाय ओले करून घरी! वर्ग हसतोय मला."

"चुकलंच माझं," मिस पेल म्हणाल्या. "वाळूवर जातेस का गं अजून?"

"छे! थंडीत कोण जाईल? आधी का जायचे तेच आठवत नाही. तुम्ही विषय बदलू नका."

मिस पेल इतक्या हसल्या की त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. गेनरला त्याचा आणखी राग आला आणि ती केकचे दोन तुकडे खाऊन, दार आपटून गेली. तिला कोणी काही सांगितलं नाही. तिनं कधी माफही केलं नाही.

त्यानंतर मिस पेलनी एक ओळ लिहिली नाही. डेनिसची पत्रं आली, मग थांबली. ग्रंथालयांनी नव्या पुस्तकांसाठी जागा करताना त्यांची पुस्तकं काढून टाकली. मी टेबलावर धूळ खात पडलो. वसंतातल्या एका लख्ख सकाळी त्यांनी मला फडक्यानं पुसलं, नवी कॅसेट घातली, टिपायचं बटण दाबलं आणि मला खिडकीत ठेवलं. बूट काढून उंबऱ्याशी ठेवल्याचा आवाज आला. दार उघडलं. पुढचा पाऊण तास मी फक्त समुद्रपक्षी टिपले, आणि अगदी शेवटी पाणी.

पोलिसांनी ती कॅसेट दोनदा ऐकली. काही नाही म्हणाले आणि ती माझ्यातच विसरून गेले.

मित्रांनो, कोणाचं नाव उसनं घ्याल तर ते हातात निखारा धरल्यासारखं सांभाळून धरा. आणि तुमच्यासाठी कोणी गुपचूप काही करून गेलं असेल, तर निदान त्याच्यावर रागावलेले राहू नका. माझं म्हणाल तर धूळ झटकायला या, पण बटण दाबू नका. आणि दाबलंच, तर ते पाणी जवळ यायच्या आत त्यांना मोठ्यानं हाक मारा, "मिस पेल, परत या!" मला नुसतं ऐकता येतं. हाक मारता येत असती, तर मी तेव्हाच मारली असती.