तिसरा उजेड

त्या गावाला दोन सूर्य होते, थोरला आणि धाकटा. थोरला मावळला तरी धाकटा शेंडेफळासारखा अंगणात रेंगाळायचा, आणि त्याच्या उजेडात लोक आवराआवर करून घ्यायचे. पण कधीमधी दोघेही एकदमच बुडायचे. त्या संध्याकाळी रिकाम्या आकाशात तिसरा यायचा.

तो काय करतो, हे गावानं दूधवाल्यावर पाहिलं होतं. त्याच्या करंगळीवर तिसरा पडला आणि दोन दिवसांत करंगळीतून पलीकडचं माप दिसायला लागलं. मग पंजा गेला, मग दंड. शेवटी शेवटी ओट्यावर नुसता सदरा बसलेला असायचा, आणि आज दूध जरा पातळ आहे, सांभाळून घ्या, असं तो सदरा गिऱ्हाइकांना सांगायचा. पुढे सदराही रिकामा झाला. त्याच्या हातातून पाझरणारा उजेड उशाशी बसलेल्या त्याच्या आईला लागला होता, म्हणून तीही त्याच्या मागोमाग गेली. तेव्हापासून गावात कुणी पाण्यासारखं दूध घातलं तरी तक्रार करत नाही.

तिसरा कापडातून झिरपतो, लाकडातूनही झिरपतो. अंग मध्ये आलं तर अंगात मुरतो. पुरता अडतो फक्त राख कालवलेल्या मातीला. म्हणून गावात लिंपणकाकूंना मान होता. त्या खोली आतून लिंपायच्या, दुपारच्या उन्हात दार लावून आत उभ्या राहायच्या आणि कुठून उजेडाचा ठिपका येतो का ते बघायच्या. बाहेर घरचे लोक जीव मुठीत धरून थांबलेले असायचे. काकू बाहेर येऊन "नाही" म्हणाल्या, की मगच त्यांच्या घशाखाली पाणी उतरायचं.

गंमत अशी, की काकूंना आता दिसतच नव्हतं. भर उन्हात माणसाची सावली तेवढी कळायची, घरात पाऊल टाकलं की काळोख. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणून त्यांनी हे लेकीलाही सांगितलं नव्हतं. भिंतीला गाल लावायचा, वाऱ्याची झुळूक लागली की तिथे फट, असा त्यांचा हिशेब होता. आजवर तो चुकला नव्हता, त्यामुळे त्यांना थोडी घमेंडही होती.

आज दोन्ही सूर्य एकदम बुडणार होते. जावई लांब बोटीवर कामाला, म्हणून काकू लेकीकडे आल्या होत्या. लेकीची तान्ही नुकती मान धरायला लागली होती. काकूंनी खोली लिंपली, भिंतीभर गाल फिरवला आणि बाहेर येऊन "नाही" म्हणाल्या. आज वारा पडलेला आहे, हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही.

संध्याकाळी त्या आत गेल्या, दार आतून लिंपून टाकलं, हात धुतले. लेक कंदिलाजवळ तान्हीला थोपटत बसली. लहानपणी तिला ही कला शिकवायचा काकूंनी फार प्रयत्न केला होता, पण हात मळतात म्हणून ती पळायची. सपाट भिंत कुणीही लिंपेल, फट बेचक्यात राहते, हे काकूंचं वाक्य तेवढं तिला पाठ होतं आणि ती ते नक्कल करून म्हणायची. आत्ताही म्हणाली. दोघी हसल्या. हसता हसता लेक मध्येच थांबली.

"आई, जमिनीवर काहीतरी आहे."

काकूंना वाटलं, थट्टा करतेय. पण लेक उठून कोपऱ्यात सरकली, मग दुसऱ्या कोपऱ्यात, आणि तिचा श्वास काकूंना ऐकू यायला लागला. ते माझ्या मागे येतंय, ती म्हणाली.

"कुठून येतंय?"

"ते काय, समोर. बघ ना."

काकू दोन्ही हात पुढे करून जागच्या जागी फिरल्या. आता मूठ झाकून चालणार नव्हतं.

"मला दिसत नाही गं. बरीच वर्षं दिसत नाही. तू तोंडानं सांग."

लेकीनं रागवण्यात वेळ घालवला नाही. डावीकडे, तुळईखाली, अजून वर, असं ती सांगत गेली आणि काकूंनी तुळई आणि भिंत यांच्या बेचक्यात पंजा दाबला. हाताला गार लागलं, इतकं गार की दातांपर्यंत कळ गेली. लेक म्हणाली, गेलं.

"आता जमीन उकर. सिगडीतली राख घे. पाणी बेतानं घाल, नाहीतर गळून पडेल. हात मळू देत."

लेक घमेल्यात माती मळू लागली. तान्ही रडत होती. काकूंना भीती वाटत होती, साधी, लहान मुलाला वाटते तशी. आपण लेकीला, नातीला स्वतःच्या हातानं या खोलीत कोंडलं, हे त्यांच्या मनातून जात नव्हतं. माती घेऊन लेक जवळ आली आणि थबकली.

"हात काढू का?" काकूंनी विचारलं.

"नको. फट दिसतेय मला, तुझ्या हातातून."

काकूंनी हात हलू दिला नाही. लेकीनं पंजाच्या कडेकडेनं माती सारली, मग काकूंनी हात ओढला आणि तिनं उरलेली जागा थापून टाकली.

"कंदील विझव. अंधार करून बघ, काही ठिपका उरलाय का?"

कंदील विझला. लेकीनं तान्हीला उचलून घेतलं. मग म्हणाली, "नाही."

तो "नाही" काकूंनी ओळखला. असा काहीतरी झाकणारा "नाही" त्या स्वतः किती वर्षं म्हणत आल्या होत्या. तरी खात्री करायची म्हणून त्यांनी तोच हात पुढे केला आणि तान्हीला इकडे दे म्हणाल्या. लेकीची पावलं मागे सरकली.

काकूंनी हात झटकन छातीशी ओढला. तोंड भिंतीकडे केलं, म्हणजे आपलं अंग मध्ये येईल.

"तिला मातीच्या सिगडीच्या आड ठेव. घमेल्यात माती उरलीय ना?"

"उरलीय," लेक म्हणाली. ती रडत होती.

काकूंनी न वळता हात मागे केला. लेकीनं मनगटापासून लिंपायला सुरुवात केली. काकूंना फक्त ओल्या मातीचं वजन कळत होतं, बोटं असल्याचं कळत नव्हतं.

"बोटांच्या बेचक्यांत नीट भर," त्या म्हणाल्या. "फट तिथंच राहते."