‘टिनावर ऊन’ कोणाचं, ते मी ऐकलं होतं

मित्रांनो, डोक्याच्या जाळीला पोचा पडलेला आणि मानेवर काळी चिकटपट्टी गुंडाळलेला एखादा माईक तुम्ही पाहिलात, तर हसू नका. तो मी असू शकतो. माझ्या अंगात एक नाजूक पडदा आहे. समोरचा बोलला की तो थरथरतो. एवढंच माझं काम. पण ते मी मन लावून केलं आहे, आणि म्हणूनच माझ्या मनात राग आहे.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथून मी नागपूरच्या दुकानात आलो आणि हेमराजने मला वर्ध्याला आणलं. वर्ध्याला लागूनच पिपरी मेघेला हेमराजच्या घरचा गाद्या-रजयांचा धंदा आहे. उन्हाळ्यात रजया कोण घेतो? त्यामुळे मे महिन्यात त्यांचं गोदाम रिकामं असायचं. हेमराजने भिंतींना गाद्या उभ्या केल्या, दाराच्या फटीत कापूस कोंबला आणि म्हणाला, “झाला आपला स्टुडिओ.”

बँडचं नाव होतं ‘भट्टी’. माणसं तीनच. हेमराज ड्रम वाजवायचा आणि ध्वनिमुद्रणही करायचा. पियुष गिटार वाजवायचा. त्याचे वडील सदाशिवराव कापडाचे व्यापारी. आणि गाणारी रीना. ती सेवाग्रामच्या दवाखान्यात परिचारिका होती. तिची आई रामबाई जंगलात तेंदूपत्ता तोडायला जायची. तोडताना ती आपल्या बोलीत एक चाल गुणगुणायची. त्याच चालीवर रीनाने वऱ्हाडीत शब्द बांधले होते: ‘ऊन वाजून राह्यलं माय, टिनावर.’ टिन म्हणजे छपराचा पत्रा.

पंखा लावला की त्याचा आवाज माझ्यात शिरायचा, म्हणून पंखा बंद. बाहेर पारा शेहेचाळीसवर, आत तिघं घामाने निथळत. रीनाचा घाम ठिबकून माझ्या जाळीवर पडायचा. मला त्याचा कधी त्रास वाटला नाही. ती गायला लागली की माझा पडदा असा थरथरायचा, की वाटायचं, यासाठीच आपण जन्मलो.

पियुषला ती चाल बसेना. ड्यूटी संपवून आलेली रीना त्याला पुन्हापुन्हा शिकवायची.

“पियुष, तू इथंच चुकून राह्यला. ‘ऊन’वर खाली नाई यायचं, वर जायचं.”

“अजून एकदा म्हण ना. मले नाई जमून राह्यलं,” पियुष म्हणायचा. “तुले कोणी शिकवली ही चाल?”

“मायनं. ते पानं तोडताना म्हणते.”

हे सगळं मी टिपलं. हेमराजला ध्वनिमुद्रण थांबवायची सवयच नव्हती. गाण्यांच्या मधल्या गप्पाही तो जपून ठेवायचा.

नऊ गाण्यांचा अल्बम तयार झाला. ‘टिनावर ऊन’. वर्ध्यात एका सभागृहात तो लोकांसमोर आणला, तेव्हा चाळीसेक माणसं आली होती. आठवड्याने वर्तमानपत्रात परीक्षण आलं. ते लिहिलं होतं संगीतावर लिहिणाऱ्या प्रभाकररावांनी. ‘रॉक संगीतात मले-तुले ऐकून हसू आवरत नाही. गायिकेने आधी भाषा शिकावी. हा अल्बम नव्हे, गादीच्या गोदामातला गोंगाट आहे.’ रीनाने ते उभ्याने वाचलं, घडी घालून पिशवीत ठेवलं आणि ड्यूटीवर गेली. तिच्या गाण्याची टिंगल करणाऱ्या चित्रफिती मोबाईलवर फिरू लागल्या. एका मुलाखतीत पियुष हसत म्हणाला, “मी तर सांगत होतो, शुद्ध मराठीत करू. ऐकलं नाही कुणी.”

त्या दिवशी बँड मोडला. हेमराजने मला लोखंडी पेटीत ठेवलं. मित्रांनो, मी दोन वर्षं त्या पेटीत होतो. माझ्या जाळीला गंज चढला. पण मी विसरलो काहीच नाही.

तिसऱ्या वर्षी पियुषचं एकट्याचं गाणं आलं. चाल तीच. शब्द तेच, फक्त धुऊन-पुसून शुद्ध केलेले. गायला पुण्याची एक गायिका. ते गाणं लग्नांत वाजलं, मंडपांत वाजलं. वर्ध्यात त्याचा सत्कार झाला; तिथलं सगळं मला पुढे रीनाच्या बोलण्यातून कळलं. मंचावरून तो म्हणाला, “एका दुपारी मी एकटाच बसलो होतो, आणि ही चाल सुचली.”

समोरच्या रांगेत प्रभाकररावांनी टाळ्या वाजवल्या. मागच्या रांगेत रामबाई बसली होती. तिला रीनानेच आणलं होतं. रामबाईने लेकीला विचारलं, “हे तर आपलं आहे ना वं?”

दुसऱ्या दिवशी रीना गोदामात आली. पेटी तिनेच उघडली. मला बाहेर काढून पदराने पुसलं आणि हेमराजला म्हणाली, “सगळं आहे ना तुह्याकडे? मधलं बोलणं पण?”

“आहे. पण काऊन?”

“आता ऐकवायचं.”

मित्रांनो, असा आनंद मला आजवर झाला नव्हता. चार दिवस दोघांनी सगळं ध्वनिमुद्रण ऐकलं. मग ‘टिनावर ऊन’ पुन्हा प्रसिद्ध झाला, या वेळी मधल्या बोलण्यासकट. ‘मले नाई जमून राह्यलं’ म्हणणारा पियुषचा आवाज घरोघर पोचला. ज्या मंडपांत त्याला बोलावलं होतं, तिथून नकार आले. गाण्यावरून त्याचं नाव काढावं लागलं. मी एकेक बातमी ऐकत होतो आणि मनात म्हणत होतो, अजून, अजून.

प्रभाकरराव मुलाखत घ्यायला स्वतः गोदामात आले. गोड बोलले. रीनाने पिशवीतून तो जुना कागद काढला.

“सर, आधी हे वाचून दाखवा. याच्यात,” असं म्हणून तिने मला त्यांच्या तोंडासमोर धरलं.

“हे... अहो, ते तेव्हाचं मत होतं.”

“मंग तेव्हाचंच वाचा.”

त्यांनी वाचलं. ‘मले-तुले’पाशी त्यांचा आवाज चिरकला. आज अल्बमच्या शेवटी दहाव्या क्रमांकाला तेच वाचन आहे.

एवढ्यावर माझा सूड पुरा झाला नव्हता. माझ्यापाशी आणखी एक गोष्ट होती. त्याच मे महिन्यात, गिटारची तार बदलताना पियुष आपल्या वडिलांविषयी बोलला होता. “दिवसभर गिऱ्हाइकापुढे वाकते माझा बाप. मले त्याची लाज वाटते.” हे बाहेर आलं असतं, तर पियुष घरातूनही उठला असता. मला ते हवं होतं. पण त्या चार दिवसांतच रीनाने ते ऐकलं, पुन्हा ऐकलं, आणि हेमराजला पुसून टाकायला लावलं.

प्रभाकरराव येऊन गेल्यावर पुढच्या रविवारी सदाशिवराव रीनाच्या घरी आले. ती तेव्हा मला साफ करत होती. ते दारातच उभे राहिले.

“बेटा, मी भांडाले नाई आलो. तुनं केलं ते बरोबरच केलं. फक्त एक सांग. जे बोलणं ऐकवलं नाई, त्यात माह्यावर काई आहे का? पोरगा माह्या नजरेले नजर नाई देऊन राह्यला.”

“नाई काका,” रीना म्हणाली. “सगळं गाण्याचंच होतं. या, बसा. माय चहा मांडते.”

मी तिच्या हातात होतो, पण जोडलेला नव्हतो. ओरडता आलं असतं तर ओरडलो असतो. मला अजूनही तिचा तो निर्णय पटलेला नाही. पियुषला मी क्षमा केलेली नाही, करणारही नाही.

मित्रांनो, आम्हा माईकांना फेकू नका, ओलीत ठेवू नका, डोक्यावर टिचक्या मारून ‘हॅलो हॅलो’ करू नका. आणि गाणं दुसऱ्याचं असेल, तर आधी त्याचं नाव घ्या, मोठ्याने घ्या. आम्ही चालू आहोत की बंद, हे पाहत बसू नका.